डबल चित्रातला हात

आमच्या पहिल्या टीव्हीत प्रत्येक माणसाबरोबर दुसरा माणूस यायचा. खरा माणूस बोलला की त्याच्या उजव्या बाजूला, चार बोटं सरकून, फिकट रंगाचा तोच माणूस तेच बोलायचा. नवरीच्या बाजूला दुसरी नवरी, बैलाच्या बाजूला दुसरा बैल. आमच्या घरी त्याला डबल चित्र म्हणत. वरून मुंग्या चालायच्या त्या वेगळ्या. आणि तरी सांगतो, त्या टीव्हीवर आम्ही जे नाटक पाहिलं ते आज भिंतीवर टांगलेल्या ह्या पातळ पाटीवर दिसत नाही. ह्यावर माझा मुलगा हसतो. हसू दे. मी चौथी शिकलो, पण नाटक कसं पाहावं हे मला कोणी शिकवायची गरज नाही.

गाव आमचं केशोरीच्या बाजूला, धानाच्या बांध्यांमध्ये, म्हणजे खाचरांमध्ये. टीव्ही मी नव्याण्णव साली आणला. रंगीत. आमच्या टोलीवर, म्हणजे गावाच्या ह्या वस्तीत, रंगीत टीव्ही पहिला माझाच, हे लिहून ठेवतो, कारण नंतर पुष्कळ लोक पुष्कळ काही सांगतात. अँटेना लांब बांबूवर बांधला आणि बांबू तनसीच्या, धानाच्या वाळल्या काडाच्या, ढिगाजवळ रोवला. संध्याकाळी मालिकेची वेळ झाली की मी बांबू धरायचा आणि बायकोनं घरापुढच्या छपरीतून सांगायचं.

"आली का?"

"आली."

"अजून फिरवू?"

"नका फिरवू जी. आली, आली. गेली."

"काऊन गेली?"

"कावळा बसला वरतं."

मी बांबू हलवायचो, कावळा उडायचा, चित्र यायचं. मग हात झटकून मी चटईवर बसायचो. चटईवर तीन जागा ठरलेल्या. मधली माझी, उजवी बायकोची, आणि डाव्या बाजूला, दाराजवळ, वैनीची.

वैनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची बायको. ती लग्न होऊन ह्या घरात आली तेव्हा मला धोतर नेसता येत नव्हतं. तिनं मला बाबू म्हटलं ते पुढं माझे केस पिकले तरी बाबूच. भाऊ लवकर गेला. दोन मुली होत्या, त्या देवरीकडं दिल्या. घरं आमची वेगळी झाली होती, चुली वेगळ्या, पण आंगण एकच. छपरीत बसून पाहिलं तर तिचं दार आंगणाच्या डाव्या बाजूला. संध्याकाळी ती सूप घेऊन यायची, बायकोही आपलं सूप काढायची, आणि दोघी जावा तांदूळ निवडत मालिका पाहायच्या. टीव्हीतल्या आंगणात तुळस दिसली की वैनी सूप खाली ठेवून हात जोडायची. मालिका रोजची, तुळस रोजची, हात रोजचे.

आता मुंग्या आणि डबल चित्रामुळे तोंडं काही नीट दिसायची नाहीत. कोण हसून राहिलं, कोण रडून राहिलं, हे समजायचं नाही. ते मी सांगायचो. तो हक्क माझा होता, आणि तो मला कोणी दिला नव्हता, मी कमावला होता. मी दंडारीत काम केलेला माणूस आहे. दंडार म्हणजे आमच्या झाडीपट्टीतलं नाटक. दिवाळीनंतर मंडईच्या, म्हणजे जत्रेच्या, दिवसांत व्हायची. बायांची कामं पुरुषच करायचे. मी सवत केली, राणी केली, सून केली. लुगडं नेसून मी चाललो तर माझ्या सख्ख्या मामानं मला ओळखलं नव्हतं. गॅसबत्ती एकच असायची. मागं बसलेल्या लोकांना तोंड दिसतच नसे. म्हणून आमच्या मास्तरांनी शिकवलं होतं की रडायचं तर खांद्यानं रडा, खोटं बोलायचं तर मानेनं बोला. आणि आमच्या दंडारीचा एक नेम होता. दुष्ट पात्र डाव्या बाजूनं यायचं, ढोलकीवाल्याच्या अंगावरून. चांगलं पात्र उजवीकडून. पात्र तोंड उघडायच्या आधीच लोकांना माहीत व्हायचं की आता काय होणार.

टीव्हीसुद्धा मी ह्याच नेमानं पाहायचो. डावीकडून कोणी आला की मी सांगून टाकायचो, हा वाईट. एकदा डावीकडून पोलीस आला. मी म्हटलं, हा चोर. बायको म्हणाली, "अवो, पोलीस आहे जी तो." पुढं थोड्या दिवसांनी तोच पोलीस लाच घेताना सापडला. तेव्हापासून माझ्या नेमाबद्दल चटईवर कोणी बोललं नाही.

त्या साली जी मालिका चालू होती ती एका मोठ्या घराची होती. दोन सुना. धाकटी हसरी, थोरली कमी बोलणारी. टोलीवरच्या बाया हँडपंपावर त्यांच्याबद्दल असं बोलायच्या की नव्या माणसाला वाटावं ह्या दोघी गावातच राहतात. एका संध्याकाळी दाखवलं की धाकटी पूजेचं ताट घेऊन जिन्याच्या वर उभी आहे. डावीकडून थोरली आली. थोरलीनं हात पुढं केला. हात धाकटीच्या पाठीला लागला. धाकटी खाली गेली, ताट खाली गेलं, आणि त्याच वेळेला लाईन गेली.

अंधारात मी म्हटलं, "ढकललं."

"कोनं?" बायकोनं विचारलं.

"थोरलीनं. तिथं दुसरं कोन होतं?"

"काहीच्या काही नको बोलू, बाबू," वैनी म्हणाली. "धरलं तिनं. पदर धरला. म्या पाह्यलं."

"वैनी, ते डावीकडून आली, ते नाही पाह्यलं का?"

"डावीकडून आली म्हनून ढकलते का? माहा दरवाजाही तुह्या डावीकडेच आहे."

बायको कंदील शोधायला उठली. मी म्हटलं, "मी बाया केल्या आहेत दंडारीत. बाई ढकलते कशी, धरते कशी, मले नको सांगू."

"तू बाया केल्या असशील. म्या बाई होऊन जिंदगी काढली."

"जाऊ द्या बाई," बायको तिला म्हणाली. "टीव्हीतलं आहे ते."

आता मला सांगा, टीव्हीतलं असलं म्हणून काय झालं? पाहिलं ते पाहिलं. मी म्हटलं, "टीव्हीतलं असो का घरचं. थोरल्या सुना अशाच असतात. तोंडानं बोलत नाहीत, हातानं करतात."

हे मी नाटकाबद्दल बोललो होतो. आजही माझं तेच म्हणणं आहे. कंदील लागला तेव्हा वैनी उभी होती. सूप हातात होतं, त्यातला तांदूळ निवडून व्हायचा होता. ती म्हणाली, "ह्या घरात काही सांडलं का थोरली, काही फुटलं का थोरली. तुह्या मायच्या काळापासून आयकून राहिली. आता टीव्हीतही थोरलीच." आणि आंगण ओलांडून गेली.

दुसऱ्या दिवशी मालिकेला ती आली नाही. त्यानंतरही आली नाही.

भांडण म्हणावं तर भांडण नव्हतं. ती बायकोशी बोलायची, दही पाठवायची, मी समोर आलो तर "जेवला का, बाबू" म्हणायची. पण मालिकेची वेळ झाली की आपल्या दारात पाट टाकून, आमच्याकडं पाठ करून, सूप मांडीवर घेऊन बसायची. आमच्या चटईची डावी जागा रिकामी. बायकोला ते सहन होईना. तिचं अर्धं आयुष्य त्या बाईबरोबर गेलं होतं. माझ्यापेक्षा जास्त ती वैनीशी बोलली असेल.

"एक शब्द बोला जी," ती मला म्हणायची.

"कोनता?"

"या म्हना."

"तिले पत्रिका पाठवू का? घर तिचंच आहे."

"मंग तेवढंच म्हना."

ते मी म्हटलं नाही. मी टीव्हीचा आवाज वाढवला.

त्या टीव्हीची पेटी मोठी होती आणि समोरच्या बाजूला स्पीकर होता, चांगला थोरला. पूर्ण सोडला की आंगण ओलांडून, वैनीचं दार ओलांडून, पलीकडच्या बांधीपर्यंत ऐकू जायचा. पलीकडच्या घरातला माणूस कुंपणावरून ओरडायचा, "काय गा, बहिरा झाला का?"

"झालो," मी सांगितलं.

एकदा सांगितलं म्हणून मग बहिरं राहावं लागलं. टोलीवरचे लोक माझ्याशी ओरडून बोलू लागले. दुकानदार हातवारे करायचा. वैनीच्या जावयानं तालुक्यावरून कानात टाकायचं औषध आणलं, ते मी दोन दिवस टाकलं. वैनीला मात्र माहीत होतं. हळू आवाजात ती बायकोला काही बोलली आणि मी आंगणाच्या ह्या टोकाला हसलो, असं दोनचार वेळा झालं होतं.

अशी तिनं मालिका ऐकली, पाहिली नाही. एक संपली, दुसरी लागली, तिसरी लागली. ती जिन्याची मालिका तर मध्येच बंद पडली. धाकटी वाचली, पण तिला काही आठवेना, घरानं थोरलीवर आळ घेतला, थोरली काही बोलली नाही, आणि एक दिवस त्या वेळेला दुसरंच काहीतरी लागलं. म्हणजे आमचा निकालही तसाच लटकला. पाठमोऱ्या बसलेल्या वैनीचे खांदे मात्र मी पाहायचो. विनोदाची जागा आली की खांदे हलायचे. रडायची जागा आली की सूप थांबायचं. दुसऱ्या दिवशी हँडपंपावर ती बायकोला सांगायची की काल सासरा खोटं बोलत होता. आम्ही चित्र पाहूनही आम्हाला ते समजलं नव्हतं. पुढं तो खरंच खोटा निघायचा. तोंड न पाहता तिला कळायचं कसं, हे मी बायकोला विचारलं नाही. आमच्या मास्तरांना मात्र ती आवडली असती.

मग मुलानं नवीन टीव्ही आणला.

मुलगा गोंदियात कामाला. राहतो कुडव्याला. सून गोंदियाचीच, अर्धी हिंदी बोलते. दिवाळीला आले ते टीव्ही घेऊनच आले. पातळ पाटी, ती भिंतीवर ठोकली, छतावर वाटीसारखी छत्री बसवली, खाली एक डबा ठेवला. जुनी पेटी उचलून कोठीत नेली. मुलानं बटण दाबलं आणि बायको एकदम मागं सरकली.

"बाप्पा. ह्या बाईच्या नाकावर तीळ आहे."

ही बाई आम्ही वर्षानुवर्षं पाहत आलो होतो. तीळ तेव्हाही असणार. पण तीळच काय, सगळं दिसू लागलं. म्हाताऱ्या सासूच्या कपाळावर पांढऱ्या केसांचा टोप कुठं चिकटवला ती रेघ दिसली. श्रीमंताच्या घराची भिंत फळ्यांची होती, दोन फळ्यांमधली फट दिसली. रडणाऱ्या सुनेचे आसू गालावरून पळत नव्हते, तेलासारखे उतरत होते. आणि आंगणातली तुळस प्लास्टिकची. पानांवर धूळ होती, तीही साफ दिसली.

मुलगा म्हणाला, "पाहा बाबा, कसं क्लियर आहे."

मी म्हटलं, "क्लियर आहे. पण नाटक कुठं आहे?"

मी जिद्दीनं बोललो असं त्याला वाटलं. पण विचार करून पाहा. पहिले आम्हाला तोंड दिसत नव्हतं म्हणून आम्ही माणूस पाहायचो. तो आला कसा, थांबला कुठं, मान कुणीकडं वळवली. आता तोंडच एवढं थोरलं दिसतं की बाकी काही पाहावंसं वाटत नाही. आणि तोंडावर सगळं लिहून ठेवलेलं. वाईट बाईच्या भुवया वाकड्या, टिकली वाकडी, वरून तिचं तोंड तीन वेळा दाखवतात, ढोल वाजवून. मी सवयीनं म्हटलं, "ही डावीकडून आली, ही वाईट आहे." सून मागून म्हणाली, "बाबूजी, अब सब दिखता है. आप बताओ मत ना."

तिचं चूक नव्हतं. मधल्या जागेवर बसून मी काय करावं हे मला समजेना.

पण खरी गोष्ट आवाजाची. त्या पातळ टीव्हीला आवाजच नव्हता. पूर्ण सोडला तरी लोट्यात डास शिरल्यासारखा. छपरीत ऐकू यायचा, पायरीपर्यंत जायचा, आंगणात उतरायचा नाही. पहिल्या संध्याकाळी वैनी आपल्या दारात बसली, सूप हलवत होती. थोड्या वेळानं तिनं मान वळवली. दुसऱ्या संध्याकाळी पाट थोडा अलीकडं ओढला. तिसऱ्या दिवशी ती आंगणाच्या मध्यात वाळत टाकलेल्या मिरच्या गोळा करायला आली आणि एकेक मिरची उचलू लागली. एवढ्या हळू मिरच्या उचलताना मी कोणाला पाहिलं नाही.

मुलाच्या ध्यानात आलं. वैनीला तो मोठमाय म्हणतो. तो म्हणाला, "बाबा, ह्याचा स्पीकर मागच्या बाजूला रायते. आवाज भिंतीत जाते. कुडव्याले मित्राचं दुकान आहे, पुढच्या खेपेला बाहेरचा स्पीकर घेऊन येतो. मोठमायले घरी बसून आयकू येईल."

"नको आनू," मी म्हटलं.

"काऊन?"

"मले बरोबर आयकू येते."

"तुम्ही तर बहिरे होते."

"होतो. बरा झालो."

बायकोनं पदरानं तोंड झाकलं. मुलगा माझ्याकडं पाहत राहिला, मग आंगणातल्या मिरच्यांकडं पाहिलं, आणि स्पीकरचं नाव त्यानं पुन्हा काढलं नाही. हुशार आहे. माझ्यावर गेला.

दोन दिवसांनी वैनी पायरीशी येऊन उभी राहिली. मिरच्या नव्हत्या, सूपही नव्हतं. सरळ मला म्हणाली, "आवाज काऊन कमी केला, बाबू?"

"नाही केला. टीव्हीच तसा आहे."

"मंग जुना लाव."

"जुन्यात आता काही येत नाही."

"मंग मी आयकू कशी?"

चटईवर माझा एक पाय पसरला होता, तो मी आत घेतला. ती पायरीवरच बसली. दोनचार संध्याकाळी पायरीवर, मग उंबऱ्यावर. चटईला मात्र तिनं हात लावला नाही. तुळस दिसली तेव्हा हात जोडायला गेली आणि थांबली.

"हे कागदाची आहे का वो?" तिनं बायकोला विचारलं.

"प्लास्टिकची आहे, बाई."

वैनीनं थोडा वेळ पाहिलं. "पहिलेपासूनच?"

"असन."

"असू दे," ती म्हणाली आणि हात जोडले.

मुलगा-सून परत गेले. ह्या नव्या टीव्हीत चॅनल किती आहेत ते बायकोनं बोट दाबून दाबून पाहायला सुरुवात केली आणि एका दुपारी ती धावत बांधीवर आली. मला वाटलं गाय सुटली. ती म्हणाली, "अवो, ते जुनं लागून राहिलं. जिन्यावालं. दुपारी. पहिल्यापासून."

त्या दिवसापासून आम्ही दुपारी पाहू लागलो. वैनीही यायची. सगळ्यांना माहीत होतं काय येणार आहे. आम्हीच पाहिलेली मालिका, पण जणू दुसऱ्याच घराची. थोरली सून कमी बोलते असं आम्ही समजलो होतो. आता दिसलं की ती बोलायला तोंड उघडते आणि दुसरं कोणीतरी मध्येच बोलून टाकते. मुंग्यांमध्ये तिचे ओठ हललेलेच आम्हाला दिसले नव्हते. हे वैनीनं दाखवलं. मी म्हटलं, "हो, दिसलं मले." एवढं मी म्हटलं, हेही लिहितो.

एक दिवस मालिका संपल्यावर वैनी उंबऱ्यावरूनच म्हणाली, "बाबू, एक आयक. तो जिना येईल ना, त्या दिवशी साफ दिसेल. ढकललं दिसलं, तर मी पुन्हा ह्या छपरीत पाय ठेवनार नाही. तू जितला. धरलं दिसलं, तर तू सगळ्यांसमोर म्हनशील."

"काय म्हनू?"

"थोरल्या सुनांबद्दल बोलला होता ते मागं घेशील."

"ठीक आहे," मी म्हटलं. माझ्या मनात संशय नव्हता. डावीकडून आली होती ती.

पण बायकोची झोप गेली. तिनं मला धानाच्या पेंढ्या बांधताना गाठलं. "ढकललं निघालं तर काय करता जी?"

"काय करतो म्हंजे? ढकललंच आहे."

"मंग ते जाईल ना. आताच कुठं यायले लागली."

मी पेंढी बांधली. ती आणखी म्हणाली, "लाईन गेली तर बरं होईल त्या दिवशी." बायकोनं देवाकडं लाईन जावी म्हणून मागणं घातलेलं घर आमचंच असेल.

लाईन गेली नाही. त्या दिवशी रविवार होता आणि मुलगा आला होता. त्याला बायकोनंच बोलावलं होतं, का ते मला सांगितलं नाही. वैनी उंबऱ्यावर बसली. सूप आणलं होतं, पण त्यात तांदूळ नुसता पडून होता. धाकटी जिन्यावर आली, हातात ताट. डावीकडून थोरली. थोरलीनं हात पुढं केला.

धाकटी पडली.

मुलानं डब्याचं बटण दाबलं, चित्र थांबलं. मग मागं नेलं, पुन्हा सोडलं, पुन्हा थांबवलं. नव्या डब्यात ते करता येतं. थोरलीचा हात पुढं होता आणि धाकटीची पाठ पुढं होती, आणि मध्ये जागा होती. हात लागलाच नव्हता.

वैनी उठली. टीव्हीजवळ गेली आणि त्या जागेत आपली बोटं ठेवून पाहिली. चार बोटं बसली.

"मोठमाय, काचेले हात नका लावू," मुलगा म्हणाला.

"पन लागला होता," मी म्हटलं. "मी पाह्यला लागलेला."

"म्याही पाह्यला," वैनी म्हणाली. "पदराले."

मुलानं समजावून सांगितलं. तो म्हणाला, तेव्हा अँटेनात डबल चित्र यायचं. हवेतून येणारं चित्र एक सरळ यायचं आणि एक डोंगरावर आपटून थोडं उशिरा. तलावावर हाक मारली की परत येते तसं. म्हणून खऱ्या हाताच्या उजवीकडं चार बोटं सरकून दुसरा, फिकट हात होता. पाठीला लागलेला दिसला तो हा दुसरा हात.

म्हणजे इतकी वर्षं आम्ही दोघं नसलेल्या हातावरून अडून बसलो होतो. मला हसू आलं नाही. वैनीलाही नाही. ती काचेवरच्या त्या हाताकडं पाहत होती.

"धराले गेली होती," ती म्हणाली. "पोचली नाही."

"ढकलाले गेली होती," मी म्हटलं. "हिंमत झाली नाही."

"बाबू."

"खरं ते खरं."

"थांबवलेल्यात नाही समजत," ती मुलाला म्हणाली. "चालू कर. हळू कर."

त्यानं हळू सोडलं. तरी समजेना. इथं मला माझी विद्या कामाला आली. मास्तरांनी मला शिकवलं होतं की ढकलणारा हात आणि धरणारा हात एकसारखाच निघतो, लोक हातावरून ओळखूच शकत नाहीत. ओळखायचं टाचेवरून. ढकलणाऱ्याची मागची टाच उचलते. धरणारा टाच रोवतो, नाही तर तोही खाली जाईल. हे मी सगळ्यांना उभं राहून, लुगडं नसताना, करून दाखवलं. वैनी ध्यान देऊन पाहत होती. मग मुलाला म्हटलं, "पाय दाखव तिचे."

"पाय नाही बाबा."

"काऊन नाही?"

"चित्रात घेतलेच नाही. इथून वरतंच आहे." त्यानं कमरेला हात लावून दाखवलं.

मी काचेजवळ जाऊन खाली पाहिलं. खरंच नव्हते. बाईच्या बांगडीवरचे खडे मोजता येत होते, हातावरची लव दिसत होती, आणि पाय कापलेले. दंडारीत गॅसबत्ती एक असली तरी माणूस पूर्ण असायचा.

"एवढा साफ टीव्ही," मी म्हटलं, "आन पाय नाही."

तेव्हा वैनी हसली. पाठमोरी असताना खांदे हलायचे तशीच, आवाज न करता. मग आवाज आला. बायकोही हसू लागली, आणि मुलगाही. मी हसलो नाही, कारण माझं म्हणणं खरं होतं.

हसणं थांबल्यावर बायकोनं भीत भीत विचारलं, "मंग आता कोन जितलं?"

"कोनी नाही," वैनी म्हणाली. ती टीव्हीजवळून वळली आणि उंबऱ्याकडं गेली नाही. चटईवर, डाव्या जागेवर बसली, गुडघा धरून, हळूहळू. "उद्या पुढचा भाग आहे ना वो?"

"आहे, बाई."

"मंग उद्या तिचं तोंड पाहू. ढकलून आलेली बाई आन धराले जाऊन न पोचलेली बाई, रात्री जेवायले बसतेच ना. घास कसा घेते ते पाहू. आता दिसते सगळं." आणि मला म्हणाली, "तू सांगू नको. मी सांगीन."

"तू सांगशील तर मी आयकनार नाही."

"नको आयकू. तू बहिराच आहे."

मुलाची बस होती, तो निघाला. ऊन खाली गेलं तशी वैनीही उठली, आंगण ओलांडून आपल्या दारी गेली, कोंबड्या झाकू लागली. बायको चटई गुंडाळायला वाकली तर भिंतीजवळ ठेवलेलं सूप दिसलं, तांदळासकट.

"अवो, बाईचं सूप राहिलं. देऊन येऊ का?"

"राहू दे," मी म्हटलं. "चटईही राहू दे."